न वाळणारं वर्तुळ

१

सकाळी उठायचं, स्वयंपाकघराची खिडकी उघडायची आणि चहाचं आधण ठेवण्याआधी ओट्यावर बोटांच्या पेरांनी ठोकायचं. दोनदा भरभर, मग जरा थांबून एकदा.

ही सवय मुळात मिस्त्रींची. फरशी बसवणारा माणूस ठोकून बघितल्याशिवाय पुढे सरकत नाही. आवाज भरीव आला तर खाली माल नीट भरला आहे. पोकळ आला तर कुठेतरी हवा राहिली आहे, आज ना उद्या तिथे तडा जाणार. मिस्त्री दवाखान्याच्या भिंतीवर ठोकायचे, लोकांच्या घरी गेले की त्यांच्या टेबलावर ठोकायचे, आणि लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात त्यांनी बायकोच्या डोक्यावर ठोकून "भरीव आहे, फसलो नाही," असा निकाल दिला होता. बायकोही काही कमी नव्हती. तिने लगेच त्यांच्या डोक्यावर ठोकलं आणि म्हणाली, "इथे मात्र माल भरायचा राहिलाय."

मिस्त्री गेले त्याला आता वर्ष होत आलं होतं. जन्मभर दगड कापला, त्याची भुकटी छातीत साठत गेली आणि शेवटी श्वासाला जागाच उरली नाही. त्यांच्यामागे कारखाना तिने आणि धाकट्या दिराने चालू ठेवला. दीर दगड कापायचा, ती कडा गोल करून पॉलिश करायची. सांत्वनाला आलेल्या कुणी "रडून घ्या हो, मोकळं वाटेल," असं म्हटलं की ती चहाचा कप पुढे करायची आणि म्हणायची, "मी मोकळी झाले तर कडा कोण घासणार?"

घरातली एकही फरशी दुसरीसारखी नव्हती. कारागिराच्या घरी दुसऱ्यांकडचं उरलेलंच येतं. मधल्या खोलीत कुठल्याशा बँकेचा जिना होता, न्हाणीघरात एका वकिलाची गच्ची. ओटा तेवढा अखंड होता. काळसर हिरवा, आत दुधाच्या रेषा असलेला दगड. ज्यांनी मागवला होता त्यांनी तो परत पाठवला, कारण कुणी सांगितलं नाही. कापताना ब्लेड मध्येच उभं राहायचं. मशीन चालू, वीज चालू, आणि ब्लेड जागच्या जागी. म्हणून कारखान्यात सगळे त्याला थबक्या म्हणायचे. मिस्त्रींनी शिव्या घालत तो कापला आणि घरी आणून बसवला.

दवाखान्यात नेलं त्या सकाळी मिस्त्री या ओट्यापाशी उभ्याने पाणी प्यायले होते आणि ग्लास खाली ठेवला होता. ग्लासाखाली पाण्याचं वर्तुळ उमटलं. ती परत आली तेव्हा ते ओलं होतं. दहा दिवसांनीही ओलंच होतं.

आजही ओलं होतं.

तिने त्यावर बराच विचार केला होता. भिंतीतला नळ पाझरत असेल. दगड गार असतो, त्यावर दव धरत असेल. पण गोल? तेवढ्याच मापाचं? मग तिने विचार करायचं सोडून दिलं. ओटा पुसताना ती फडकं त्या वर्तुळाच्या कडेकडेने फिरवायची. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं, आणि सांगणारही नव्हती. एवढी एक गोष्ट तिची होती.

२

लेक बाळंतपणाला आली ती सातवा लागल्यावर. जावई जहाजावर होता, चार महिन्यांनी येणार होता. लेकीला वडील ढब्बू म्हणायचे, मग सगळेच ढब्बू म्हणायला लागले, आणि आता पोट घेऊन दारात उभी राहिल्यावर तिचा काका हसत म्हणाला, "नाव आत्ता कुठे शोभायला लागलं हो!"

"काका, मी रिक्षातून परत जाईन हं."

"जा की. दोघांचं भाडं लागेल."

उकाडा खूप होता. ढब्बूला ओटा आवडला. उंच स्टूल ओढून ती तिथेच बसायची, पोट दगडाच्या कडेला टेकवून. "किती गार आहे गं आई. हाही शांत होतो बघ आत. एरवी नुसता धिंगाणा." ते स्टूल आईनेच कारखान्यातून आणलं होतं, उंची मोजून, पाय कापून, बरोबर ओट्याच्या मापाचं.

आल्याच्या दुसऱ्या दिवशी ढब्बूने फडकं उचललं आणि एका फटक्यात ते वर्तुळ पुसून टाकलं.

"हात लावू नकोस!"

आई एवढ्या जोरात ओरडली की दोघीही दचकल्या.

"अगं, पाणी होतं नुसतं."

"माहितीये. असू दे."

ढब्बू तिच्याकडे बघत राहिली. मग हळूच म्हणाली, "आई, ते परत आलंय."

आईने पाहिलं. वर्तुळ होतं तिथेच होतं, पुसल्याची खूणही नाही. तिला हायसं वाटलं. आधी हायसं वाटलं आणि मग, बऱ्याच वेळाने, कारखान्यात एक कड घासताना, पाठीतून काहीतरी गार सरकत गेलं.

त्यानंतर ढब्बूही बघायला लागली. अर्धं कापून ठेवलेलं सफरचंद ओट्यावर विसरलं, ते काळं पडलं नाही. दूध तीन दिवस बाहेर राहिलं, नासलं नाही. "फ्रीज विकून टाकू," ढब्बू म्हणाली. दोघी हसल्या. हसणं संपल्यावर दोघींनीही दुधाच्या पातेल्याकडे पाहिलं नाही.

३

एका सकाळी आईने ठोकायला हात उचलला आणि आवाज आधी आला.

दोनदा भरभर, मग जरा थांबून एकदा. तिची पेरं अजून हवेतच होती.

ती तशीच उभी राहिली. म्हटलं, शेजारी कुणी खिळा ठोकत असेल. तिने हात खाली आणला आणि ठोकलं. या वेळी आवाजच आला नाही. दगडावर हाड आपटलं, पेरं दुखली, आणि आवाज नाही. तो येऊन गेला होता.

दुपारपर्यंत तिने मनाची समजूत घातली: दगडाखाली पोकळी झाली आहे, म्हणून आवाज कसाही फिरतो. या कामातल्या माणसाला पोकळीची फार भीती वाटते, आणि तिच्यावर एकच उपाय ठाऊक असतो: भरणे. तिने दिराला बोलावलं. त्याने सिंकच्या बाजूने बारीक भोक पाडलं आणि पातळ कालवलेलं सिमेंट नरसाळ्याने आत ओतलं. बादली संपली. दुसरी कालवली, तीही संपली.

"वहिनी, खाली विहीर आहे का?"

"ओता तुम्ही."

"दादानं बसवलाय हा ओटा. दादा पोकळ काम करायचा नाही."

तिला ते ठाऊक होतं. तरी तिने तिसरी बादली ओतायला लावली. शेवटी भोक तोंडापर्यंत भरलं. दोघांनी हात धुतले आणि काम झाल्यासारखे चहाला बसले.

पंधरवड्याने तिने त्या भोकात काडी घालून पाहिली. काडी ओली निघाली. सिमेंट आत्ताच कालवल्यासारखं मऊ होतं.

त्याच सुमाराला स्वयंपाकघरातून इतर आवाज यायला लागले, आणि तेही भर दिवसा. दोन पायऱ्या चढल्यावर यावा तसा खोकला. शर्टाच्या बाहीला तोंड पुसल्याचा आवाज. आणि सगळ्यांत शेवटी, अगदी हलका, ग्लास खाली टेकल्याचा. ती मधल्या खोलीत बसून ऐकायची. उठून आत जायची नाही. आत गेलं की थांबतं, हे तिला कळलं होतं. एकदा ढब्बूने विचारलं, "आई, तुलाही ऐकू येतं ना?" तर ती म्हणाली, "पाइप वाजतात." पण त्या दिवशी तिने केस विंचरले होते.

४

डॉक्टरीणबाईंनी पोटावरचं यंत्र दोन वेळा फिरवलं. मग जुना फोटो आणि नवा फोटो शेजारी शेजारी धरले.

"तारीख नीट आठवते ना तुम्हाला?"

"नवरा जहाजावर आहे," ढब्बू म्हणाली. "तारीख चुकायला वावच नाही."

डॉक्टरीणबाई हसल्या नाहीत. "ठोके व्यवस्थित आहेत. पाणी व्यवस्थित आहे. पण मागच्या वेळेपासून वाढ नाही. म्हणजे कमी आहे असं नाही. अजिबात नाही. मांडीचं हाड तेवढंच, डोकं तेवढंच." त्यांनी फोटो खाली ठेवले. "हालचाल कशी आहे?"

ढब्बूने आईकडे पाहिलं. "इथे आल्यावर कमी झाली. आता... मला वाटलं, शांत झालाय."

"कधीपासून नाही?"

ढब्बू बोटांवर दिवस मोजायला लागली आणि मध्येच थांबली.

"जागा बदला, विश्रांती घ्या. पुढच्या आठवड्यात परत बघू. तेव्हाही असंच असलं तर वाट बघण्यात अर्थ नाही, बाहेर काढावं लागेल. आणि एवढ्याशा जिवाचं काय होईल ते मी आत्ता सांगू शकत नाही."

घरी आल्यावर ढब्बू सवयीने स्वयंपाकघरात गेली आणि स्टुलावर बसली, पोट दगडाच्या कडेला टेकवून. आई दारात होती. तिने सफरचंद पाहिलं, दूध पाहिलं, वर्तुळ पाहिलं. मग पोट पाहिलं.

"ऊठ," ती म्हणाली.

"काय झालं?"

"ऊठ म्हणते ना! सामान भर. काकाकडे जायचं."

५

काकाच्या घरी ढब्बू आठवडाभर राहिली. भरपूर झोपली, भरपूर खाल्लं. आठवड्याने फोटो काढला तर हाड तेवढंच, डोकं तेवढंच. पोरगी दूर नेली म्हणून दगडाने धरलेलं सोडलं नव्हतं. डॉक्टरीणबाईंनी दोन दिवसांची मुदत दिली.

आई एकटीच घरी आली आणि स्वयंपाकघरात उभी राहिली.

"अहो," ती म्हणाली, "माझं ठीक आहे. मी स्वतःहून राहिले इथे. तिचं का?"

उत्तराला खोकला आला, दोन पायऱ्या चढल्यासारखा. मग बाहीचा आवाज. मग ग्लास. रोजचंच, त्याच क्रमाने. तिच्या बोलण्याशी त्याचा काही संबंध नव्हता. वर्षभर ती ज्याला सोबत समजत होती ते कुणाचंही कुणासाठी नव्हतं. दगडाला एक सकाळ सापडली होती आणि त्याने ती धरून ठेवली होती. तसाच त्याने एक कोवळा जीवही धरला होता, त्याच्या पुढच्या सगळ्या दिवसांसकट. दगडाला दोन्हींत फरक नव्हता.

तेवढ्यात रिकाम्या स्वयंपाकघरात कटर सुरू झाला.

समोर ओटा जसाच्या तसा होता. कटर कारखान्यात होता. पण आवाज इथेच होता, कानठळ्या बसवणारा, ब्लेड दगडात शिरल्याचा. तो चढला, अडखळला, पुन्हा चढला. मग दगड फुटल्याचा मोठा आवाज. आणि मग शांतता.

ठोकण्याचा आवाज जसा आधी आला होता तसाच हाही आधी आला होता, एवढं तिला लगेच कळलं. म्हणजे आपण हा ओटा कापणार आहोत. पण ती खिळून राहिली त्या नंतरच्या शांततेमुळे. तिने कान देऊन ऐकलं. कापल्यानंतर कुणीतरी बोलायला हवं होतं. ढब्बूची हाक, दिराचा आवाज, निदान कुणाचं रडणं. काहीच नव्हतं. शांतता लांबत गेली, आणि तिच्या शेवटी फक्त ग्लास टेकला.

संध्याकाळी तिने दिराला सगळं सांगितलं.

"वहिनी, धरून ठेवलेलं सगळं एकदम सुटलं तर? दूध सावकाश नासतं. हे सावकाश होईल कशावरून? आणि तुम्हीच म्हणताय की नंतर कुणाचा आवाज आला नाही."

"आला नाही."

"मग?"

"मग काय? दगडानं मला आवाज ऐकवला म्हणून मी घाबरून बसू? तेच हवंय त्याला, बसलेलं माणूस. ब्लेड नवीन लावा भाऊजी. सकाळी या."

"दादाचं जे काही आहे तिथं, तेही जाईल."

तिने आपली पेरं एकदा चोळली.

"तुमचे दादा जिवंत असते ना," ती म्हणाली, "तर नातवंडाच्या आड येणारा दगड त्यांनी दातांनी फोडला असता."

६

सकाळचं ऊन ओट्यावर आलं होतं. ढब्बूला काकाकडेच थांबायला सांगितलं होतं, पण ती रिक्षा करून आली आणि मधल्या खोलीत खुर्ची टाकून बसली. "माझ्या बाळाचं काय ते होणार, आणि मी तिकडे झोपून राहू? मला सांगू नकोस आई. तूच शिकवलंयस."

आईने वाद घातला नाही. दार लोटून घेतलं.

दिराने पाण्याची नळी सोडली आणि कटर सिंकच्या कोपऱ्यावर धरला. दगड फुटतो तो कोपऱ्यातून. तिथून कापायला आखलेली रेघ बरोबर वर्तुळातून जात होती. ब्लेड फिरलं, टेकलं आणि थबकलं. मशीन गुरगुरत होतं, त्याच्या हाताला हादरे बसत होते, ब्लेड उभं होतं. त्याने दोनदा, तीनदा प्रयत्न केला. चौथ्या वेळी त्याचा हातच पुढे जाईना.

"वहिनी, मला... मला लहानपणचं काहीतरी दिसतंय."

"बघू नका. द्या इकडे."

तिने कधी कटर चालवला नव्हता, कडा घासायचं मशीन चालवलं होतं. वजन वेगळं होतं. तिने पाय रोवले आणि ब्लेड टेकवलं. ते अडलं. तिने जोर लावला नाही. पॉलिशवाल्याला माहीत असतं, जोर लावला की दगड जिंकतो. ती फक्त मागे सरली नाही.

"धर," ती दगडाला म्हणाली. "धरून बघ. मी वर्षभर इथे उभी होते. मला घाई नाही."

ब्लेड हललं. कणभर, मग आणखी कणभर.

दगडावर पाणी पसरलं होतं आणि ओला थबक्या आरशासारखा चमकत होता. त्या पाण्यात तिला स्वयंपाकघर दिसलं. पण तिथलं ऊन या उन्हाच्या आधीचं होतं, कोवळं. तिच्या शेजारी, जिथे कुणीच नव्हतं तिथे, निळ्या शर्टाचा कोपरा होता. हात होता. नखांत दगडाची भुकटी असलेला, ग्लास धरलेला हात वर्तुळाकडे खाली येत होता. वर मान होती, आणि ती मान तिच्याकडे वळायला लागली होती.

एका क्षणात चेहरा दिसला असता. वर्षभर तिने दुसरं काही मागितलं नव्हतं.

"नाही," ती म्हणाली. डोळे रेघेवर ठेवले आणि ब्लेड वर्तुळातून नेलं.

ग्लास टेकला नाही. ओटा मोठ्या आवाजात दुभंगला.

७

कटर बंद पडला. आणि शांतता आली. तिने ओळखली ती. आधी ऐकलेलीच होती.

कोपऱ्यातल्या पातेल्यातलं दूध एका श्वासात पिवळं पडलं, फाटलं, आणि त्याच्यावर बुरशी चढली. सफरचंद काळं होऊन सुरकुतलं. भोकातलं सिमेंट वाळून पांढरं पडलं. दुभंगलेलं वर्तुळ दोन्ही तुकड्यांवर कडेकडेने आक्रसत वाळून गेलं. तिने कटर ठेवताना हात पाहिला तर वर्षभर न वाढलेली नखं बोटांच्या कितीतरी पुढे आलेली, वळलेली होती. आणि वर्षभराचा थकवा एकदम अंगावर आला. ती होती तिथेच खाली बसली. दीर भिंतीला टेकून उभा होता. तोंड उघडं होतं, पण शब्द निघत नव्हता.

मधल्या खोलीतून हाक आली नाही.

ती उठली. ओट्याला धरून नाही, भिंतीला धरून. दार ढकललं. ढब्बू खुर्चीत होती, ताठ, डोळे विस्फारलेले. सकाळी रिक्षातून उतरताना सैल असलेला झगा पोटावर ताणून बसला होता. दोन्ही हात पोटाखाली होते, जड काहीतरी एकाएकी हातात दिल्यासारखे. ओठ हलत होते, आवाज फुटत नव्हता.

आई तिच्यासमोर जमिनीवर बसली. हीच ती जागा, तिला वाटलं. इथेच कुणी बोलत नाही. वाकड्या नखांचा हात तिने पुढे केला आणि पोटावर ठेवला. शांतता लांबत गेली. घड्याळ नाही, रस्ता नाही, श्वास नाही. कुणी बोलत नाही. कुणी रडत नाही.

मग तळहाताखाली एक लाथ बसली. जोरात. लगेच दुसरी.

लाथेला आवाज नसतो.

ढब्बूचा चेहरा वेडावाकडा झाला, ती रडत होती की हसत होती ते तिलाही कळत नसावं. आईचे डोळे वाहत होते. तिने ते पुसले नाहीत.

तेवढ्यात मागे, स्वयंपाकघरात, फुटलेल्या दगडांतून आवाज आला. अगदी हलका. ग्लास खाली टेकल्याचा. पाणी पिऊन झाल्यावर, कुणीतरी पलीकडे उभं असल्यासारखा. ढब्बूने मान वर केली. आईने ऐकलं. तिच्या पाठीतला एकेक मणका त्या बाजूला वळू पाहत होता.

"ठेवा तिथेच," ती मागे न बघता म्हणाली. "मी उचलणार नाही."

आणि तिने हात होता तिथेच ठेवला, पुढच्या लाथेची वाट बघत.